चिमणी ओ देत नाही

२ जुलै

प्रिय ठके,

पाकिटावरचं अक्षर ओळखून तू हे न फोडताच ठेवून दिलंस तर मला कळणारही नाही. फोडलं असलंस तर आधी एवढंच वाच : घरी सगळे बरे आहेत, कुणाला काही झालेलं नाही. आपल्या घरातून पत्र गेलं की समोरच्याला वाईट बातमीच वाटते, म्हणून हे पहिल्यांदा लिहिलं. पत्ता मावशीने दिला. आईला यातलं काही माहीत नाही.

तुझ्याकडे काम आहे. यंदा मला चौथीचा वर्ग दिलाय. शाळेच्या मागे पाइपांचा कारखाना सुरू झाल्यापासून तुमच्या लोकांची बरीच कुटुंबं इकडे राहायला आली आहेत. ‘तुमच्या लोकांची’ लिहिलं खरं, पण ते कसं लिहायचं मला कळत नाही. तुझ्या नवऱ्याकडच्या लोकांची, असं म्हणू. माझ्या वर्गात त्यांच्यातली एकच मुलगी आहे. तिचं नाव काही केल्या माझ्या जिभेवर बसत नाही. मधलं एक अक्षर घशातून काढायचं असतं, ते मी काढायला गेले की वर्ग हसतो. मुलं तिला चिमणी म्हणतात. तुलाही तेच लिहिते.

चिमणी बोलत नाही. हाक मारली तर ओ देत नाही. फळ्यावरचं इतकं सुंदर उतरवते की मी तिची वही दुसऱ्या वर्गात दाखवायला नेली होती. पण तेच तोंडी सांगितलं की भलतंच लिहिते. ‘पान’ सांगितलं की ‘मान’ लिहिते, ‘बाग’ सांगितली की ‘माग’. तिच्या घरच्या बोलीमुळे होत असेल. आणि सगळ्यांत विचित्र म्हणजे, मी बोलत असताना ती माझ्या तोंडाकडे टक लावून बघत बसते. पापणी हलत नाही. पहिल्या आठवड्यात मला राग यायचा. आता नुसतं अवघडल्यासारखं होतं, दाताला काहीतरी चिकटलंय की काय असं वाटत राहतं.

तर तू मला सांग. त्यांच्यात मोठ्यांच्या तोंडाकडे बघत राहणं चांगलं समजतात का? मुलींनी चारचौघांत बोलू नये असं काही आहे का? हाक मारली की लगेच उठायचं नसतं का? मला सगळी मुलं सारखी, हे तुला ठाऊक आहे. पण सारखं वागवायचं तर आधी समोरचं काय चाललंय ते कळायला नको का?

दोन ओळींत उत्तर दिलंस तरी चालेल.

तुझी ताई

ता. क. तुझ्या मुलाचं नाव काय ठेवलंस?


१९ जुलै

प्रिय ठके,

उत्तर नाही. ठीक आहे. टपालाचा घोळ असेल असं धरून पुन्हा लिहिते.

मध्यंतरी मोठ्या सरांनी मला आणि गणिताच्या सरांना प्रशिक्षणाला धाडलं. विषय होता आंतरसांस्कृतिक शिक्षण. गणिताचे सर माझ्या कानाशी म्हणाले, “हा शब्द एका दमात म्हणता आला की प्रमाणपत्र देत असतील.” त्यांचं कुजबुजणं म्हणजे तिसऱ्या रांगेपर्यंत ऐकू जाणारं. सगळे हसले.

शिकवायला आलेल्या मॅडम वयाने तुझ्याएवढ्या. त्यांनी एक कागद वाटला. एकेका वाक्यापुढे ‘पटतं’ किंवा ‘पटत नाही’ अशी खूण करायची. ‘मी सगळ्या मुलांना समान वागवते.’ केली खूण, पटतं. जरा खाली, ‘प्रत्येक मुलाला त्याची पार्श्वभूमी ओळखून वेगळं वागवलं पाहिजे.’ तेही पटलं. मॅडम माझा कागद हातात घेऊन म्हणाल्या, “अहो बाई, दोन्ही कशी पटली?” मी म्हटलं, “वाचताना दोन्ही खरी वाटली.” त्या म्हणाल्या, “काळजी करू नका, सगळ्यांनी असंच केलंय.” आणि पुढच्या मुद्द्याकडे वळल्या. म्हणजे काय करायचं ते राहिलंच.

एक गोष्ट मात्र डोक्यात जाऊन बसली. मॅडम म्हणाल्या, मूल गप्प असलं की त्याला काही येत नाही असं लगेच धरू नका. त्याच्या घरी गप्प बसण्याचा अर्थ काय आहे तो शोधा. ठके, हे ऐकताना मला तू दिसलीस. बाबा गेले तेव्हा तू आलीस, भिंतीला टेकून उभी राहिलीस, डोळ्यांतून टिपूस काढलं नाहीस आणि पाणीही न पिता निघून गेलीस. आत्या, काकू सगळ्या तुटून पडल्या होत्या. मीच म्हटलं, त्यांच्यात रडत नाहीत, तिथली पद्धत तशी आहे. कुठल्याही प्रशिक्षणाला न जाता मला ते समजलं होतं, याचं त्या दिवशी मॅडमसमोर बसून जरा बरं वाटलं.

परत आल्यावर मी चिमणीच्या बाबतीत पुष्कळ बदल केले. तिला सगळ्यांसमोर प्रश्न विचारणं बंद केलं. तिच्याशी बोलताना एकेक शब्द सुटा, सावकाश उच्चारते. मुलं तिच्याकडे वळून बघतात म्हणून तिला पुढून उचलून शेवटच्या बाकावर खिडकीशी बसवलं. तिथे तिला एक मैत्रीणही मिळाली आहे, उंच, दांडगट मुलगी, हिच्या दंडाला धरून इकडेतिकडे नेत असते.

गणितात मात्र चिमणी बरी आहे. गणिताचे सर म्हणतात, “माझ्या वर्गात सात पाचे पस्तीसच होतात, मूल कुठलंही असो. तुम्ही उगाच डोकं शिणवता.” ते वर्गात अगदी बाजारात भाव ओरडावा तसे ओरडतात. मला वाटतं गणिताला भाषा लागत नाही म्हणून तिला जमतं.

मागच्या पत्रात सगळे बरे आहेत लिहिलं, ते तितकंसं खरं नाही. आईच्या डोळ्यांचं ऑपरेशन झालं. आता स्वच्छ दिसतं. घरी आल्याबरोबर बाहेरच्या खोलीतल्या भिंतीकडे बोट करून म्हणाली, “इथला रंग वेगळा का?” तुझा फोटो होता ती जागा. मी म्हटलं, ओल आली असेल.

ताई


१४ ऑगस्ट

प्रिय ठके,

काल शाळेत जे झालं ते कुणाला सांगू कळेना, म्हणून तुलाच.

मोठ्या सरांना प्रशिक्षणाचा काहीतरी उपयोग झालेला दिसायला हवा होता. मी सुचवलं, ‘आपण सारे’ असा दिवस करू. प्रत्येक मुलाने आपल्या घरचं काहीतरी सादर करायचं, पालकांना बोलवायचं. हौसेने केलं गं सगळं. पताका मी स्वतः कापल्या.

चिमणीला मी तिच्या लोकांचं गाणं म्हणायला सांगितलं होतं. सांगितलं म्हणजे, सावकाश, दोनतीनदा, आणि तिने मान डोलावली. तिची पाळी आली. मी माइकवर म्हटलं, “आपली ही छोटी पाहुणी लांबून आली आहे, ती तिच्याकडचं गाणं म्हणणार आहे.” ती मंचावर आली, शाळेच्याच गणवेशात, आणि माझ्या तोंडासमोरच्या माइककडे बघत उभी राहिली. मी म्हटलं, म्हण बाळ. ती गप्प. पुन्हा म्हटलं. मुलं खुसुखुसु हसायला लागली. ती उंच मैत्रीण खालून ओरडली, “अगं गाणं, गाणं!”

तेवढ्यात मागून एक माणूस उठला. कारखान्याचे कपडे तसेच अंगावर, थेट कामावरून आलेला. तिचे वडील. आपल्या भाषेत, माझ्यापेक्षा जास्त खणखणीत, म्हणाले, “बाई, ती पाहुणी नाही. इथल्याच सरकारी दवाखान्यात जन्मली. मी स्वतः या शाळेत शिकलोय, मधे काही वर्षं कामासाठी बाहेर होतो. तुम्हाला कुठलं गाणं हवंय? तिकडचं तिला येत नाही. मलाही येत नाही.”

सगळं सभागृह माझ्याकडे बघत होतं. मी म्हटलं, “मग कुठलंही म्हणू दे.” वडील मंचावर आले, तिचा हात धरला आणि तिला घेऊन गेले. जाताना मला नमस्कार करून गेले. ते जास्त लागलं.

घरी येऊन विचार करत बसले. तिकडचं गाणं येत नाही, तिकडची भाषा घरात म्हातारी आजी तेवढी बोलते म्हणे. मग ती मुलगी आहे कुठली? तिचं गप्प बसणं तिकडचं की इकडचं? आणि इकडचं असेल तर मला का कळत नाही? मी इकडचीच ना?

आज मोठ्या सरांनी बोलावलं. म्हणाले, “भावना ठीक आहेत बाई, पण सहामाहीत ती नापास होणार. मंद मुलांसाठीची ती दुसरी शाळा आहे, तिथे पाठवलेलं बरं. वर्गशिक्षिका म्हणून तुमचं मत लेखी लागेल.” मी म्हटलं, जरा वेळ द्या. ते म्हणाले, “वेळ तिचाच फुकट जातोय.”

तेही खोटं नाही वाटलं.

तू दोन शब्द लिही, ठके. तू त्यांच्यात राहतेस. माझ्यावर राग असू दे, पण या पोरीसाठी लिही.

ताई


२९ ऑगस्ट

ठके,

तुझं पत्र आलं. स्वयंपाकघरात उभ्यानेच वाचलं, मग बसून वाचलं. तुझ्याच ओळी इथे पुन्हा उतरवते :

‘तुझ्या सगळ्या प्रश्नांचं उत्तर नाही असं आहे. असं काही आमच्यात नसतं. हाक मारली की मुलं ओ देतात, नाहीतर मार खातात, तुझ्या-माझ्यासारखाच. मला मुलगा नाही, मुलगी आहे, मावशीने अर्धवट ऐकलं. ती सकाळी डोळे उघडल्यापासून बडबडते आणि तिला कुणी गप्प करू शकत नाही. आणि ताई, बाबांच्या वेळचं तू लिहिलंस म्हणून सांगते. आमच्यात कुणी गेलं की इतकं मोठ्याने रडतात की गल्ली गोळा होते. माझ्या सासूने मला विचारलं, तू तिकडे रडली नाहीस, तुमच्यात रडत नाहीत का? मला रडू येत नव्हतं. लग्नानंतर आले तेव्हा बाबांनी मला दारातून परत पाठवलं होतं, आणि मला त्यांचा राग आला होता. ते माझं होतं. ना तुमच्यातलं, ना आमच्यातलं.’

हे वाचून मला आधी तुझाच राग आला, खरं सांगते. मी त्या दिवशी एवढ्या बायकांशी तुझ्यासाठी भांडले. तुझी बाजू घेतली. आणि तू म्हणतेस, ती तुझी बाजू नव्हतीच. मग मी कुणाची बाजू घेतली होती? मला वाटायचं आपण किती मोठ्या मनाने समजून घेतोय. तुला विचारायचं मात्र सुचलं नाही. तू जिन्यात चपला घालत होतीस, मी दारात उभी होते. ‘रडलीस का नाहीस’ एवढं विचारता आलं असतं.

तुझी सासूसुद्धा तेच म्हणाली हे वाचून मात्र मला हसू आलं. हसण्यासारखं आहे का ते माहीत नाही.

पण चिमणीचं काय? तिकडची पद्धत नाही, तर मग आहे काय? मंद म्हणावं तर गणितात पुढे. हट्टी म्हणावं तर मान डोलावते. परवापर्यंत माझ्याकडे एक उत्तर होतं, ते तू काढून घेतलंस. मोठ्या सरांना मत अजून दिलेलं नाही. रोज ते नुसते भुवया उंचावतात.

आईने विचारलं, कुणाचं पत्र? मी म्हटलं, प्रशिक्षणाचं.

ताई


९ सप्टेंबर

प्रिय ठके,

परवा काय झालं ते सांगते.

दुपारच्या सुट्टीत पाण्याचा टँकर शाळेच्या आवारात मागे मागे येत होता. मागे येताना तो कर्कश पीं-पीं वाजतो ना, तसा. शिवाय ड्रायव्हर भोंगा वाजवत होता. मुलं पांगली. चिमणी टँकरकडे पाठ करून खाली वाकून खडे गोळा करत होती. तिची मैत्रीण त्या दिवशी आली नव्हती. मी व्हरांड्यातून ओरडले, तिचं खरं नाव घेऊन ओरडले, घशातल्या अक्षरासकट. ती खडे वेचत राहिली.

कशी धावले माहीत नाही. तिला दंडाला धरून ओढलं आणि आम्ही दोघी भिंतीशी पडलो. माझा गुडघा फुटला. टँकरचं चाक खड्यांवरून गेलं. तिने चाक बघितलं, मग माझ्याकडे बघितलं, आणि तेव्हा कुठे रडायला लागली.

ड्रायव्हर खाली उतरून म्हणाला, “केवढी निगरगट्ट आहे ही पोर, एवढा भोंगा वाजवतोय!” गणिताचे सर म्हणाले, “वर्गातही अशीच, आपल्याच तंद्रीत.” मी गुडघा धरून बसले होते, आणि तुझं ‘नाही’ डोक्यात वाजत होतं. तंद्रीतलं मूलसुद्धा भोंग्याला दचकतं. हिचा खांदासुद्धा हलला नव्हता.

मी तिला वर्गात नेलं. समोर बसवून म्हटलं, पान. तिने लिहिलं, पान. मग वहीने तोंड झाकून तेच म्हटलं. ती वहीकडे बघत राहिली. वही बाजूला केली, पुन्हा म्हटलं, तिने लिहिलं, मान. प, ब, म, तिन्ही म्हणताना ओठ सारखेच मिटतात गं. आरशासमोर म्हणून बघ.

ती माझं तोंड वाचत होती, ठके. आणि मी तिला शेवटच्या बाकावर बसवलं होतं. समजूतदारपणे.

संध्याकाळी तिच्या घरी गेले. एकच खोली, भांडी घासून पालथी घातलेली, कॉटवर आजी. घरातले सगळे एकमेकांशी ओरडून बोलत होते. मला वाटलं भांडण चाललंय. तिची आई म्हणाली, “कारखान्याच्या आवाजाने यांना सवय लागलीय, आणि आजीला ऐकू येत नाही, मग सगळेच ओरडतो.” त्या घरात कुणाला कळणार, की पोरीलाही कमी ऐकू येतं?

वडिलांना सांगितलं तर आधी चिडलेच. “घरी ऐकते ती! तुम्हाला आता हे नवीन सुचलं.” मी म्हटलं, तिच्या मागे उभे राहून हळू हाक मारा. त्यांनी मारली. मग जरा मोठ्याने मारली. ती आजीच्या पायाशी बसून खडे मांडत होती. तो माणूस खाली बसला. म्हणाला, “शाळेत इतके दिवस कुणाच्या लक्षात आलं नाही? तुम्हाला काय वाटत होतं?”

मला काय वाटत होतं ते मी त्यांना सांगू शकले नाही. म्हटलं, “माझी समजण्यात चूक झाली.” चहा पुढे केला तो घेतला. साखर जास्त होती. त्यांच्यात चहा गोड करतात, असं मनात आलं, आणि माझी मलाच लाज वाटली. त्या बाईच्या हातून त्या दिवशी साखर जास्त पडली असेल, एवढंच.

काल मोठ्या सरांना मत लिहून दिलं : कान तपासल्याशिवाय कुठलीही शाळा बदलू नये. त्यांनी वाचलं, चष्मा काढला, म्हणाले, “हे आधी का नाही सुचलं आपल्याला?” आपल्याला म्हणाले, तुम्हाला नाही. तेवढं बरं वाटलं.

ताई


१७ ऑक्टोबर

प्रिय ठके,

डॉक्टरांनी सांगितलं, दोन्ही कान अर्ध्याहून अधिक गेलेले, लहानपणी ताप आला होता त्यात असेल. ओरडलेलं थोडंफार पोचतं, हळू बोललेलं नाही, आणि टँकरच्या भोंग्यासारखे कर्कश, चिरके आवाज तर मुळीच नाहीत. म्हणून गणिताच्या सरांचं कळायचं! त्यांना हे सांगितलं तर आपण एवढे ओरडतो याची लाज वाटून दिवसभर ते कुजबुजत बोलायचा प्रयत्न करत होते.

मागच्या आठवड्यात तिला कानातली यंत्रं मिळाली. पहिल्या दिवशी बाक सरकल्याच्या आवाजाने दचकली, दुसऱ्या दिवशी पंख्याकडे मान वर करून बघत बसली. मी तिच्याजवळ जाऊन नेहमीसारखं, एकेक शब्द सुटा करत विचारलं, “आता... तुला... ऐकू... येतं... का?”

तिने उत्तर दिलं. जीभ जड होती, काही अक्षरं गिळली, पण वाक्य पुरं होतं. “बाई, तुम्ही माझ्याशीच असं तोंड वाकडं करून का बोलता?”

वर्ग हसला, आणि ती त्या हसण्याकडे कान करून बघायला लागली. मी म्हटलं, “आता नाही बोलणार.”

आता नवीनच पेच. डॉक्टर म्हणतात, तिला पहिल्या बाकावर बसवा. मी बसवलं, तर ती उठून मागे मैत्रिणीकडे गेली. पुन्हा आणलं, पुन्हा गेली. तिचं म्हणणं, बसेन तर हिच्याशेजारी. मैत्रिणीला पुढे आणावं तर ती एवढी उंच की मागच्यांना फळा दिसत नाही, त्यांची ओरड. म्हणजे हिला वेगळं वागवावं तर ती सगळ्यांसारखं मागते, आणि सगळ्यांसारखं वागवावं तर तिला ऐकू येत नाही. शेवटी त्या दोघींना आणि मागच्या दोन तक्रारखोरांना एकत्र उभं करून विचारलं, तुम्हीच सांगा. बरीच वादावादी झाली. आता एक बाक भिंतीला लावून आडवा ठेवलाय, फळ्याच्या अगदी जवळ. दोघी तिथे बसतात आणि सतत बोलतात. दोनदा त्यांना गप्प बसा म्हणून ओरडले, आणि ओरडल्यावर मनात आलं की आपण कुणाला गप्प करतोय! पण वर्ग चालवायचा तर ओरडावं लागतंच ना?

आईला तुझं पत्र सापडलं. उशाखाली ठेवलं होतं, चादर बदलताना दिसलं. चष्मा न लावता वाचलं तिने. मी शाळेतून आले तर ते हातात घेऊन बसली होती. मला वाटलं आता खैर नाही. म्हणाली, “मुलगी आहे, आणि मला कुणी सांगितलं नाही.” मग बराच वेळ काही बोलली नाही. त्या गप्प बसण्याचा अर्थ काढायच्या भानगडीत मी पडले नाही. विचारलं, “आई, राग आलाय का?” म्हणाली, “आलाय. तुझ्या बाबांचा. आणि माझाही.” मग म्हणाली, “बस कितीला असते?”

तर आम्ही दोघी शनिवारी येतो आहोत. नको असेल तर कळव, पण शक्यतो कळवू नकोस.

पत्र वाचल्यापासून आईने माझं डोकं खाल्लंय. तिथे पोचल्यावर काय म्हणायचं, जावयाला आधी नमस्कार कोण करतं, रिकाम्या हाताने गेलेलं चालतं का, त्यांच्यात काय नेतात. मी म्हटलं, मला माहीत नाही. ती म्हणाली, “एवढं प्रशिक्षण घेतलंस आणि हेही माहीत नाही?” खरंच माहीत नाही, ठके. आधी बरंच माहीत होतं.

बसथांब्यावर तुझ्या नवऱ्याला पाठवू नकोस. त्यांच्याशी काय बोलायचं ते आम्हाला अजून सुचलेलं नाही. तुझ्याशी काय बोलायचं तेही नाही. तूच ये, आणि मुलीला घेऊन ये. दिवसभर बडबडते म्हणतेस ना, मग सुरुवातीचं तीच निभावून नेईल.

तुझी
ताई